रोम जळत होतं तेव्हा नीरो कुठे होता?

स्मरणिका समितीचा फोन आला तेव्हा ‘शाळेच्या आठवणी लिहून दे’ एवढंच सांगितलं होतं. पण प्रार्थना, डबे, छड्या आणि सहलीची एसटी यावर निम्म्या वर्गाने लिहिलं असणार, म्हणून मी इतिहासावर लिहायचं ठरवलं. मला इतिहासात किती मार्क पडायचे हे ज्यांना आठवत असेल, त्यांनी इथेच काय ते हसून घ्यावं आणि पुढे वाचावं.

विषय मात्र शाळेतूनच आला आहे. आपले इतिहासाचे सर तास सुरू व्हायच्या आधी दारात थांबून वर्गातला गोंधळ बघायचे आणि मग शांतपणे म्हणायचे, “वा! रोम जळतंय आणि आमचा नीरो फिडल वाजवतोय.” हे मॉनिटरला उद्देशून असायचं, आणि नववीत दोन महिने मॉनिटर मी होते. आपल्यातल्या एकाला तर हे नाव कायमचंच चिकटलं. त्याच्याकडे मी शेवटी येणार आहे.

पुढे इंजिनिअरिंग, नोकरी, मुलं यात नीरो कधीच विसरला गेला असता. पण हे वाक्य काही पाठ सोडत नाही. वर्तमानपत्राच्या अग्रलेखात दर पावसाळ्यात कुणी ना कुणी मंत्री नीरो होतो. काही वर्षांपूर्वी रोमला जायचा योग आला. तिथे नीरोच्या राजवाड्याचे जमिनीखाली गेलेले अवशेष डोक्यावर हेल्मेट घालून बघायला मिळतात. त्या गार, ओलसर, अंधाऱ्या दालनांमधून बाहेर आल्यावर मी वाचायला सुरुवात केली. वाचता वाचता लक्षात आलं की सरांच्या त्या वाक्यातलं जळणारं रोम तेवढं खरं आहे.

फिडल तर नव्हतंच. व्हायोलिन घराण्यातली वाद्यं आली सोळाव्या शतकात, आणि नीरो मेला इसवी सन ६८ मध्ये. तो वाजवायचा ते किथारा, म्हणजे वीणेच्या जातीचं, छातीशी धरून छेडायचं तंतुवाद्य. पण वाद्य चुकलं ही किरकोळ गोष्ट आहे. आग लागली त्या रात्री तो रोममध्येच नव्हता, हे जास्त महत्त्वाचं.

माझ्या कामाचा बराच भाग म्हणजे बंद पडलेल्या यंत्रणांचे पंचनामे. रात्री दोन वाजता सर्व्हर बसतो, आणि सकाळच्या मीटिंगमध्ये पहिला प्रश्न असतो, “कुणी केलं?” खरं तर पहिला प्रश्न ‘नेमकं काय झालं’ हा असायला हवा. पण माणसाला आधी माणूस हवा असतो. तर त्याच सवयीने आधी काय झालं ते सांगते.

इसवी सन ६४, जुलैची १८ तारीख उलटून १९ उजाडायच्या दरम्यानची रात्र. सर्कस मॅक्सिमस या रथांच्या शर्यतीच्या मैदानाला लागून दुकानांची रांग होती, आणि दुकानांत पेट घेणारा माल होता. तिथे आग लागली. वारा होता. गल्ल्या अरुंद आणि वाकड्यातिकड्या, इमारती उंच आणि एकमेकींना चिकटलेल्या, लाकडाचा सुळसुळाट. आग सहा दिवस चालली, विझली असं वाटलं आणि पुन्हा भडकली. रोमचे तेव्हा चौदा विभाग होते. त्यातले तीन पूर्ण भुईसपाट झाले, सात विभागांत अर्धवट जळक्या भिंती उरल्या आणि चार तेवढे शाबूत राहिले. जळालेल्यात नीरोचा स्वतःचा राजवाडाही होता.

नीरो होता अँटियम या समुद्रकाठच्या गावी, रोमपासून साधारण पन्नास किलोमीटरवर. तिथेच त्याचा जन्म झाला होता. तो परत आला, आणि आल्यावर त्याने जे केलं ते एखाद्या बऱ्या जिल्हाधिकाऱ्याने करावं तसं होतं. मोठी सार्वजनिक मैदानं आणि इमारती निराश्रितांसाठी उघडल्या, स्वतःच्या बागा उघडल्या, तात्पुरते निवारे बांधले, ऑस्टिया बंदरातून आणि आसपासच्या गावांतून सामान आणवलं, धान्याचा भाव मापामागे तीन सेस्टर्सपर्यंत खाली आणला. हे सगळं लिहून ठेवणारा टॅसिटस काही नीरोचा भाट नव्हता. त्याला नीरो मनापासून नावडता होता. म्हणूनच या तपशिलांवर माझा जास्त विश्वास बसतो.

आणि गाण्याचं काय? इथे गंमत आहे. आगीच्या वेळी नीरोने ट्रॉय नगरीच्या विनाशाचं गाणं गायलं, असं तीन इतिहासकार सांगतात. टॅसिटस म्हणतो, तशी अफवा पसरली होती की तो घरातल्या खासगी रंगमंचावर गायला. सुएटोनियस म्हणतो, तो मिसीनसच्या मनोऱ्यावरून आग बघत गायला. कॅसियस डिओ म्हणतो, राजवाड्याच्या छपरावर चढून, वादकाचा वेश करून गायला. एकाच घटनेचे तीन साक्षीदार आणि जागा तीन! आमच्याकडे असे तीन लॉग आले तर आम्ही तिन्हींवर लाल खूण करतो. शिवाय हे साक्षीदारही नव्हते. आग लागली तेव्हा टॅसिटस आठेक वर्षांचा होता आणि त्याने लिहिलं जवळजवळ पन्नास वर्षांनी. सुएटोनियस तर नीरो गेल्यावर जन्मला असावा. डिओ त्याहून शंभरेक वर्षं उशिराचा, आणि त्याचा हा भाग आपल्यापर्यंत आला तो अकराव्या शतकातल्या एका साधूने केलेल्या सारांशातून. नीरोच्या काळात मोठे असलेल्या लोकांनी लिहिलेले इतिहास होते. थोरल्या प्लिनीने लिहिला होता, आणखी दोघातिघांनी लिहिले होते. ते सगळे हरवले. टॅसिटसच्या ग्रंथाचा नीरोवरचा भागसुद्धा मध्ययुगातल्या एकाच हस्तलिखितामुळे वाचला आणि तोही इसवी सन ६६ पर्यंत येऊन मध्येच तुटतो. एका बॅकअपवर सगळं चाललं आहे हे वाचून माझ्या पोटात गोळाच आला.

जोसीफस नावाचा ज्यू इतिहासकार त्याच काळातला. तो एका ठिकाणी सांगून टाकतो की नीरोवर अनेकांनी लिहिलं आहे. ज्यांचं त्याने भलं केलं त्यांनी सत्य झाकलं आणि ज्यांना त्याचा राग होता त्यांनी बेलाशक खोटं लिहिलं. हे तेव्हाच, पहिल्या शतकात, लिहून ठेवलेलं आहे. आपण मात्र एकच बाजू पाठ केली.

आग त्याने लावली का? टॅसिटस स्वतः म्हणतो की अपघात की सम्राटाचं कारस्थान हे नक्की नाही, दोन्ही मतं सांगणारे लेखक आहेत. सुएटोनियस आणि डिओ बेधडक त्याच्यावर आळ घेतात. आगीत काही माणसं मशाली फेकत होती, विझवू देत नव्हती आणि ‘आम्हाला हुकूम आहे’ असं ओरडत होती, असंही टॅसिटसने नोंदवलं आहे. पण लगेच जोडतो, की लूट करता यावी म्हणूनही ते तसं ओरडत असतील. आजचे बहुतेक अभ्यासक अपघाताकडेच झुकतात. दिव्यांवर आणि शेगड्यांवर चालणाऱ्या लाखो माणसांच्या त्या शहरात आगी नेहमीच्या होत्या. ऑगस्टसने इसवी सन ६ मध्येच आग विझवणाऱ्या आणि रात्री गस्त घालणाऱ्या सात तुकड्या उभ्या केल्या होत्या, त्या काही हौसेने नव्हे. मला सगळ्यात बोलका वाटला तो पुढचा दाखला. सोळा वर्षांनी, इसवी सन ८० मध्ये, रोम पुन्हा जळलं. तीन दिवस जळलं, बृहस्पतीचं मोठं मंदिर गेलं, पँथिऑन गेलं. तेव्हा सम्राट होता टायटस. तो लोकप्रिय होता, दयाळू म्हणून नाव होतं. त्याच्यावर कुणी आळ घेतला नाही. त्या आगीवर एकही म्हण निघाली नाही.

मग नीरोवरच का आळ आला? एक कारण त्याने स्वतःच पुरवलं. जळून मोकळ्या झालेल्या जागेत त्याने ‘डोमस ऑरिया’, म्हणजे सुवर्णप्रासाद, बांधायला घेतला. शहराच्या मधोमध तळं, शेतं, द्राक्षमळे, जनावरं, आणि प्रवेशापाशी स्वतःचा शंभर फुटांहून उंच धातूचा पुतळा. घरं गेलेल्या माणसाने हे बघितल्यावर त्याला पुरावा कशाला हवा? मी ज्या ओलसर दालनांतून फिरले ती याच प्रासादाची. तिथलं अष्टकोनी दालन बघाच कधी गेलात तर. मध्ये एकही खांब नाही, काँक्रीटचा घुमट आणि वरच्या गोल झरोक्यातून उतरणारा उजेड. पुढे ट्राजनने हे सगळं माती टाकून भरलं आणि वर सार्वजनिक स्नानगृहं बांधली. त्यामुळेच ते टिकलं. पंधराव्या शतकाच्या अखेरीला कुणीतरी वरून भोकातून खाली उतरलं, आणि मग रफाएलसारखे चित्रकार दोराने उतरून मशालीच्या उजेडात भिंतीवरची चित्रं उतरवून घेऊ लागले.

जळलेलं शहर पुन्हा बांधताना त्याने केलेले नियम मात्र कुणी सांगत नाही. रस्ते रुंद, इमारतींच्या उंचीवर मर्यादा, दोन घरांत सामाईक भिंत नाही, इमारतीच्या खालच्या भागात लाकडी तुळयांऐवजी आगीला दाद न देणारा गाबी आणि आल्बा इथला दगड, समोर ओसरी (तिचा खर्च सम्राटाकडून), घरोघरी आग विझवायचं साहित्य, वेळेत बांधकाम पुरं करणाऱ्याला बक्षीस. टायबर नदीतून धान्य घेऊन वर येणारी गलबतं परत जाताना रिकामी जायची. त्यांत शहरातला राडारोडा भरून ऑस्टियाच्या दलदलीत टाकायचा हुकूम काढला. परतीची खेप रिकामी जाऊ न देण्याची ही युक्ती वाचून मी खुर्चीत सरळ बसले. आणि एवढं होऊनही काही रोमकर कुरकुरत होतेच, की जुन्या अरुंद गल्ल्या बऱ्या होत्या, निदान सावली तरी मिळायची!

आता दुसरी बाजू. नाहीतर तुम्हाला वाटेल की बाई रोमला जाऊन नीरोची वकिली करायला लागल्या.

तो सम्राट झाला इसवी सन ५४ मध्ये, सोळाव्या वर्षी. म्हणजे आपण दहावीचे फॉर्म भरत होतो त्या वयात. त्याला गादीवर बसवलं आईने, अग्रिपिनाने. तिने आपलाच चुलता असलेल्या सम्राट क्लॉडियसशी लग्न केलं, त्याला नीरोला दत्तक घ्यायला लावलं, आणि मग क्लॉडियस अळंब्यांच्या जेवणानंतर मेला. पहिली काही वर्षं सेनेका हा तत्त्वज्ञ गुरू आणि बुरस हा शरीररक्षक दलाचा प्रमुख, या दोघांनी राज्य नीट चालवलं. एकदा कुणाच्या तरी देहदंडाच्या हुकुमावर सही करायची वेळ आली तेव्हा या मुलाने, लिहायला शिकलोच नसतो तर बरं झालं असतं, अशी हळहळ व्यक्त केली होती म्हणतात.

पण दुसऱ्याच वर्षी क्लॉडियसचा खरा मुलगा ब्रिटानिकस, चौदावं लागायच्या सुमारास, भर जेवणात कोसळून मेला. पेय आधी चाखून बघितलं होतं. ते फार गरम म्हणून त्यात गार पाणी ओतलं, आणि विष त्या पाण्यात होतं, असं सांगितलं जातं. त्याला फेफरं येत असे, म्हणून काही आधुनिक अभ्यासक इथे शंका घेतात. आईबद्दल मात्र शंका नाही. इसवी सन ५९ मध्ये नीरोने तिला सणाच्या निमित्ताने बायाईला बोलावलं, प्रेमाने निरोप दिला आणि मुद्दाम मोडेल अशा बांधणीच्या नावेत बसवलं. नाव धड फुटली नाही. तिच्या सोबतच्या एका बाईने, आपल्याला आधी वाचवतील म्हणून, ‘मीच अग्रिपिना’ असं ओरडून सांगितलं. तिला वल्ह्यांनी ठेचून मारलं. खरी अग्रिपिना गुपचूप पोहत किनाऱ्याला लागली. मग माणसं पाठवून तिला घरात मारण्यात आलं. सिनेटने देवांचे आभार मानणारे ठराव केले. थ्रासिया पायटस नावाचा एक सदस्य तेवढा उठून बाहेर गेला, आणि सात वर्षांनी त्याची किंमत त्याने जीव देऊन चुकवली. इसवी सन ६२ मध्ये बायको ऑक्टेव्हियाला एका बेटावर हद्दपार करून मारलं. तिचं वय विशीच्या आसपास होतं.

आणि आग. लोकांची कुजबूज थांबेना, तेव्हा नीरोने दुसरे दोषी शोधले. ख्रिस्ती म्हणून ओळखला जाणारा एक छोटा, नवा, कुणालाच फारसा न आवडणारा पंथ होता. त्यांना पकडलं. टॅसिटस लिहितो त्याप्रमाणे कुणाला जनावरांची कातडी घालून कुत्र्यांपुढे टाकलं, कुणाला क्रुसावर ठोकलं, कुणाला रात्रीच्या दिव्यांसारखं पेटवलं. टॅसिटसला हा पंथ अजिबात आवडत नव्हता, तरी तो म्हणतो की लोकांना शेवटी त्यांची दया आली. ज्याच्यावर खोटा आळ आला असण्याची दाट शक्यता आहे, त्यानेच तो आळ उचलून आपल्याहून दुबळ्या माणसांवर टाकला. नीरोबद्दल मला सर्वांत जास्त राग येतो तो इथे. फिडलच्या म्हणीत मात्र ही माणसं कुठेच नाहीत.

त्याच्या काळातले प्रतिष्ठित लोक त्याच्यावर कशासाठी चिडले होते, ते बघितलं की चक्रावायला होतं. इसवी सन ६५ मध्ये त्याला मारायचा कट उघडकीला आला. सेनेकाला आणि ल्यूकन कवीला स्वतःच्या शिरा कापून घ्याव्या लागल्या त्या यानंतर. पकडलेल्यांत सुब्रियस फ्लाव्हस नावाचा लष्करी अधिकारी होता. तू शपथ का मोडलीस, असं नीरोने विचारल्यावर त्याने तोंडावर सांगितलं की तू आईचा नि बायकोचा खुनी, सारथी, नट आणि आग लावणारा झालास, तेव्हापासून मी तुझा द्वेष करू लागलो. यादी पुन्हा वाचा. आईचा खून आणि नाटकात काम करणं एकाच दमात! रोमन कायद्यात नटाला प्रतिष्ठित नागरिकाचे हक्क नव्हते. सम्राटाने रंगमंचावर जाऊन वीणा वाजवणं हा सगळ्या वरच्या वर्गाला आपला अपमान वाटत होता. फिडलच्या गोष्टीचं मूळ मला इथे दिसतं. गाणारा सम्राट हाच मुळात गुन्हा होता, त्याला आगीची पार्श्वभूमी नंतर जोडली गेली.

याच्या उलट एक गोष्ट. इसवी सन ६१ मध्ये रोमच्या नगरप्रमुखाचा त्याच्या एका गुलामाने खून केला. जुना कायदा असा, की घरातल्या सगळ्या गुलामांना मारायचं. ते चारशे होते, त्यांत बायका आणि मुलंही होती. सामान्य लोक रस्त्यावर उतरले, दगड आणि मशाली घेऊन. सिनेटने चर्चा केली आणि कायद्याप्रमाणेच व्हावं असं ठरवलं. नीरोने रस्त्याच्या दुतर्फा सैनिक उभे केले आणि चारशे जणांना नेऊन मारलं. यासाठी त्याला कुणी वाईट सम्राट म्हटलं नाही. हे त्याच्या पापांच्या यादीत घेतच नाहीत, कारण यादी करणारे सगळे गुलामांचे मालक होते.

आपल्याकडचा एक धागा सांगायचा मोह आवरत नाही. नीरोच्या आगेमागेच, पहिल्या शतकाच्या मध्यावर, इजिप्तमधल्या कुणा ग्रीक व्यापाऱ्याने ‘पेरिप्लस’ हे समुद्री वाटांचं टिपण लिहिलं. त्यात आपलं सोपारा आहे, कल्याण आहे, पैठण आहे, तेर आहे. पैठण-तेरचा माल बिकट वाटांनी गाड्यांतून भडोचला जातो आणि रोमची सोन्याचांदीची नाणी तिथे फायद्याने बदलून मिळतात, असं तो लिहितो. दर वर्षी पाच कोटी सेस्टर्स हिंदुस्थान ओढून नेतो म्हणून थोरल्या प्लिनीने याच पिढीत खंत केली. आग लागली त्याच वर्षी नीरोने नाणी हलकी केली. एका रोमन पौंडात चांदीची ८४ नाणी पाडायची त्याऐवजी ९६ पाडायची, वर चांदीत तांब्याची भेसळ. भारतात, विशेषतः दक्षिणेत, जमिनीत सापडलेल्या रोमन चांदीच्या नाण्यांत ऑगस्टस आणि टायबेरियस यांचीच गर्दी आहे; नीरोने हलकी केल्यानंतरची फार कमी. आपल्या व्यापाऱ्यांनी नाणं दगडावर घासून बघितलं आणि नको म्हणाले, असं मला वाटतं. रोमच्या सिनेटपेक्षा त्यांना नीरो लवकर कळला म्हणायचा.

शेवटची वर्षं भराभर सांगते. इसवी सन ६६ मध्ये आर्मेनियाच्या तिरिदातिसला रोममध्ये बोलावून नीरोने त्याच्या डोक्यावर मुकुट ठेवला. पार्थियाशी चाललेलं जुनं भांडण मिटलं आणि पुढची सुमारे पन्नास वर्षं तिकडे मोठं युद्ध झालं नाही. मग तो ग्रीसला गेला. त्याच्यासाठी ऑलिंपिकची तारीख बदलली. दहा घोड्यांच्या रथातून तो पडला, शर्यत पुरी केली नाही, तरी पंचांनी त्यालाच जिंकवलं. (ही गोष्ट ऐकून माझा मुलगा म्हणाला, “आमच्या सोसायटीच्या क्रिकेटमध्ये पण असंच असतं.”) कोरिंथचा कालवा त्याने खणायला घेतला, तो अर्धवट राहिला, १८९३ मध्ये जो कालवा पुरा झाला तो जवळजवळ त्याच रेषेवर आहे. ग्रीकांना त्याने करमाफी दिली, आणि ते भाषण त्यांनी दगडात कोरून ठेवलं. मग प्रांतांत सुभेदार उलटले, शरीररक्षकांनी साथ सोडली, सिनेटने त्याला देशाचा शत्रू ठरवलं. इसवी सन ६८ च्या जूनमध्ये, एका मुक्त झालेल्या गुलामाच्या शहराबाहेरच्या घरात, दुसऱ्याच्या मदतीने त्याने गळ्यात खंजीर खुपसून घेतला. तेव्हा तो तिशीत होता. आपल्यासारखा कलावंत जातोय, याची हळहळ मरतानाही त्याला होती म्हणे.

यानंतर जे झालं ते म्हणीत कधीच मावलं नसतं. त्याच्या समाधीवर कितीतरी वर्षं कुणीतरी वसंतात आणि उन्हाळ्यात फुलं वाहत होतं. पूर्वेकडे ‘मीच नीरो’ म्हणणारे तोतये उभे राहिले, वीस वर्षांत निदान तीन, आणि त्यांच्यामागे लोक गेले. आपल्याला सदाशिवरावभाऊंचा तोतया माहीत आहे. माणूस परत यावा असं लोकांना वाटल्याशिवाय तोतया उभा राहत नाही. नव्या राजघराण्याला अर्थातच नीरो वाईट असणं सोयीचं होतं. व्हेस्पेशियनने सुवर्णप्रासादाचं तळं आटवून तिथे लोकांसाठी रंगण बांधलं. त्याला आज आपण कोलोसियम म्हणतो, आणि ते नाव पडलं शेजारच्या त्या प्रचंड पुतळ्यावरून, जो मुळात नीरोचा होता. नीरोचे संगमरवरी चेहरे वाया घालवले नाहीत. तासून त्यांचे दुसऱ्या सम्राटांचे चेहरे केले.

आता आपल्या वर्गातल्या नीरोकडे येते.

नववीतला तो शनिवार पुष्कळांना आठवत असेल. सकाळची शाळा, शेवटचा तास प्रयोगशाळेत. शाळा सुटल्यावर प्रयोगशाळेतून धूर आला, शिपाईमामांनी वाळूच्या बादल्या ओतल्या, तक्ते आणि एक लाकडी कपाट जळलं. तो खाली जिन्यावर बसून माउथ ऑर्गन वाजवत होता, कारण तो नेहमीच तिथे बसून वाजवायचा. धावत आलेल्या सरांच्या तोंडून निघून गेलं, “हा बघा नीरो!” सरांनी ते ओघात म्हटलं होतं. बाकीचं आपण केलं. सोमवारपर्यंत कुणीतरी त्याच्या खिशात काडेपेटी बघितली होती, कुणी त्याला प्रयोगशाळेच्या खिडकीशी बघितलं होतं, कुणी जिन्यावर आणि कुणी पाण्याच्या टाकीपाशी. त्याच्या वडिलांना शाळेत बोलावलं. सिद्ध काहीच झालं नाही, शिक्षाही झाली नाही. त्या वर्षीच्या स्नेहसंमेलनात मात्र तो वाजवायला उभा राहिला नाही, आणि नाव राहिलं ते राहिलंच.

प्रयोगशाळेत शेवटची तुकडी आमची होती. खिडकीजवळचं टेबल माझं आणि माझ्या जोडीदारणीचं. मोरचुदाच्या पाण्याखालचा स्पिरिटचा दिवा मी विझवला होता का, त्याच्यावर टोपण घातलं होतं का, हे मला आठवत नाही. त्या संध्याकाळी घरी बसून आठवायचा प्रयत्न केला होता, तेव्हाही आठवलं नाही. टेबल पुसलेलं आठवतं, वही दप्तरात घातलेली आठवते, दिवा आठवत नाही. हे मी कुणालाही सांगितलं नाही. सरांना नाही, बाईंना नाही, घरी नाही. सोमवारी काडेपेटीची गोष्ट ऐकली तेव्हा मला हायसं वाटलं होतं, हे मात्र पक्कं आठवतं.

परवा समितीने येणाऱ्यांची यादी ग्रुपवर टाकली. त्याच्या नावापुढे कंसात ‘नीरो’ लिहिलेलं होतं. कंस काढून टाका, असं मी कळवलं आहे, आणि मग त्याला फोन केला. दिव्याचं सांगितलं. थोडा वेळ तो काही बोलला नाही. मग म्हणाला, “अगं, त्या दिवशी खिडकीशी मी खरंच गेलो होतो. धूर दिसला म्हणून. मामांना हाक मारली ती मीच.” हे त्याने तेव्हा सांगितलं होतं म्हणे, दोनदा.

माउथ ऑर्गन आण, असं म्हटलं. आणतो म्हणाला. पण त्यातल्या दोन पट्ट्या गेल्या आहेत, वरचा सा लागत नाही.